तीन कोटेशनं, दोन मालक

काय काम करतेस असं कुणी विचारलं की मी 'व्हेंडर चेक' म्हणते आणि विषय बदलते. एखाद्या कंपनीला दुसऱ्या कंपनीकडून माल घ्यायचा असतो; ती दुसरी कंपनी खरी कुणाची, हे आम्ही कागदांवरून शोधतो. मालक सापडणं सोपं असतं. तो कोणत्या तारखेचा मालक, हे सिद्ध करण्यात दिवस जातो. कंपनी विकत घेतल्याची बातमी घेणारा मोठ्या आवाजात देतो. विकल्याची बातमी विकणारा तिमाही निकालांच्या एखाद्या परिच्छेदात देतो, आणि डेटाबेस भरणारी माणसं पहिलीच वाचतात.

परवाचं प्रकरण खिडकीच्या ब्लाइंड्सचं. क्लायंट अमेरिकेतली, भाड्याच्या घरांच्या इमारती सांभाळणारी कंपनी. त्यांना जुने दोरीवाले ब्लाइंड काढून बिनदोरीचे बसवायचे होते. लोंबणाऱ्या दोरीत लहान मुलांची मान अडकून तिथे मृत्यू झालेले आहेत. म्हणून डिसेंबर २०१८ पासून तयार मापाचे आणि जून २०२४ पासून मापानुसार बनवलेले ब्लाइंडही मोकळ्या दोऱ्यांशिवायच बनावेत, असं तिथलं मानक सांगतं. खरेदी मोठी, म्हणून त्यांच्या नियमाप्रमाणे तीन 'स्वतंत्र' कोटेशनं आली. ती तिघं एकमेकांत गुंतलेली नाहीत ना, एवढंच आम्हाला बघायचं होतं.

हे काम खरं तर अर्ध्या पानाचं. संचालक एकच आहेत का, पत्ता, फोन, बँक खातं जुळतंय का. काहीच जुळत नव्हतं. तीन शहरांतले तीन डीलर, तिघांचे धंदे वेगळे. तिकीट, म्हणजे सिस्टीममधली या कामाची नोंद, जेवणाच्या सुट्टीआधी बंद झालं असतं. पण कोटेशनच्या तक्त्यात 'मेक' नावाचा, म्हणजे मालाच्या ब्रँडचा, एक रकाना असतो आणि तो वाचायची मला सवय आहे. पहिल्यात हंटर डग्लस, दुसऱ्यात लेव्होलॉर, तिसऱ्यात बाली.

लेव्होलॉर हे तिथलं घरोघरी माहीत असलेलं नाव. हान्स लोरेंट्झन यांनी १९१४ मध्ये सुरू केलेला उद्योग. १९९३ मध्ये तो न्यूवेलकडे गेला. आमच्या डेटाबेसमध्ये मालक म्हणून 'न्यूवेल ब्रँड्स' होतं आणि शेजारी हिरवी 'व्हेरिफाइड' खूण. क्लायंटच्या जुन्या नोंदीत 'न्यूवेल रबरमेड'. साइटवरच्या माणसांनी जुन्या ब्लाइंडच्या हेडरेलवरच्या लेबलांचे फोटो पाठवले होते (हेडरेल म्हणजे वरची पेटी, जिच्यात सगळी यंत्रणा असते). त्यावरही न्यूवेलचंच नाव. तीन ठिकाणी एकच आडनाव, म्हणजे कुणालाही पटेल.

मेख २०१६ मध्ये आहे. त्या एप्रिलमध्ये न्यूवेल रबरमेडने जार्डन कंपनी घेतली आणि स्वतःचं नाव न्यूवेल ब्रँड्स केलं. त्याच वर्षी त्यांनी लेव्होलॉर आणि कर्श हे दोन्ही ब्रँड विकून टाकले. आता जुनं नाव शोधणाऱ्याला नवं नाव सापडतं, तो नोंदीत तेवढं दुरुस्त करतो आणि काम झालं म्हणून पुढे जातो. मालमत्ता हलली आहे हे त्याच्या गावीही नसतं. आमच्याकडे नेमकं हेच झालं होतं. त्या हिरव्या खुणेवर माझा किती राग आहे हे टीममध्ये सगळ्यांना माहीत आहे. रिकामा रकाना निदान बघणाऱ्याला कामाला लावतो.

लेव्होलॉर विकत घेणारी कंपनी होती हंटर डग्लस. म्हणजे आपल्या तक्त्यातलं पहिलंच नाव.

इथे थांबता आलं असतं, पण 'अल्टिमेट ओनर', म्हणजे साखळीतला सगळ्यात वरचा मालक, लिहिल्याशिवाय फॉर्म सबमिट होत नाही. आणि मला इथूनच पुढे मजा येते, हे कबूल करते. हंटर डग्लसचं मूळ ड्युसेलडॉर्फमधलं. हेन्री सोनेनबर्ग यांनी १९१९ मध्ये मशीन टूल्सच्या व्यापारापासून सुरुवात केली. १९३३ मध्ये ते नेदरलँड्सला गेले, १९४० मध्ये अमेरिकेत. १९४६ मध्ये ज्यो हंटर यांच्याबरोबर भागीदारी झाली, अॅल्युमिनियमच्या सलग ओतकामाचं तंत्र आलं आणि त्यातून ब्लाइंडच्या हलक्या पट्ट्या. पुढे मुख्य कचेरी रॉटरडॅमला, नोंदणी क्युरासाओ बेटावर, शेअर अॅमस्टरडॅमच्या बाजारात आणि सूत्रं कायम सोनेनबर्ग कुटुंबाच्या हातात. असा ऑर्ग चार्ट काढताना कागद आडवा धरावा लागतो.

डिसेंबर २०२० मध्ये राल्फ सोनेनबर्ग यांनी बाहेरच्या भागधारकांचे शेअर ६४ युरोंनी घ्यायची तयारी दाखवली. मग किंमत ८२ पर्यंत वाढवली आणि शेवटी प्रस्तावच मागे घेतला. त्यानंतर २०२१ च्या अगदी शेवटी थ्री जी कॅपिटल या गुंतवणूक संस्थेने कंपनी घेत असल्याचं जाहीर झालं, दर शेअरला १७५ युरो. आधीचा प्रस्ताव घाईने स्वीकारायला निघालेल्या एखाद्या भागधारकाला तो फसला म्हणून काय वाटलं असेल, याचा विचार मी अजूनही करते. फेब्रुवारी २०२२ मध्ये व्यवहार पुरा झाला. ७५ टक्के थ्री जीचे, २५ टक्के कुटुंबाचे, कंपनीचं एकूण मूल्य सुमारे ७.१ अब्ज डॉलर. थ्री जी म्हणजे २०१० मध्ये बर्गर किंग आणि २०१३ मध्ये बर्कशायर हॅथवेच्या जोडीने हाइन्झ घेणारे. बर्गर, केचप आणि खिडकीच्या पट्ट्या.

कंपनी शेअर बाजारातून बाहेर पडली की आमच्यासारख्यांचे डोळे जातात. आधीच्या वर्षांची कोणती शाखा कुठे, कोणत्या उपकंपनीचा हिस्सा किती, हे सगळं वार्षिक अहवालात बसल्या जागी मिळायचं. त्यानंतरचं वेगवेगळ्या देशांच्या रजिस्ट्रींतून तुकड्यातुकड्याने जमवावं लागतं.

तिसरं नाव, बाली. ते स्प्रिंग्ज विंडो फॅशन्सचं, ग्रेबरही त्यांचंच. ही कंपनी २०१८ मध्ये एईए इन्व्हेस्टर्स आणि ब्रिटिश कोलंबियाच्या पेन्शनचा पैसा सांभाळणाऱ्या संस्थेकडे गेली, २०२१ मध्ये क्लिअरलेक कॅपिटलकडे. वेगळी साखळी, बाकीच्या दोघांशी संबंध नाही. म्हणजे डीलर तीन, ब्रँड तीन, वर मालक दोन.

मी ते नोटच्या पहिल्याच ओळीत लिहिलं. आमच्या मॅनेजर मॅडमनी वाचून मला बोलावलं.

"हे परिशिष्टात टाक ना. बिडर तिघे वेगळे आहेत, आपल्याला विचारलंय तेवढंच."

"पण मॅम, नियम कशासाठी आहे?"

"कशासाठी आहे ते क्लायंटने ठरवायचं. आपण फॉर्म भरतो."

त्या चुकीचं बोलत नव्हत्या, म्हणून तर डोक्यातून जात नाही. डीलर आपापला नफा आणि बसवण्याची मजुरी आपणच ठरवतो. एकाच घरातले दोन ब्रँड दोन डीलरांनी विकले म्हणून त्यांनी दर संगनमताने लावले, असं मुळीच होत नाही. तसं मी लिहिलंही नव्हतं. पण डीलरला माल ज्या दराने मिळतो तो दर वरून येतो, आणि तीनपैकी दोघांसाठी 'वर' एकच आहे.

शिवाय एक गोष्ट फॉर्म बनवणाऱ्यांना माहीत नसावी. दोन प्रतिस्पर्ध्यांनी मिळून दर ठरवले तर अमेरिकेत तो गुन्हा आहे. पण कंपनी आणि तिची पूर्ण मालकीची उपकंपनी यांनी आपसात ठरवलं, तर तो कटच होऊ शकत नाही. कायद्याच्या नजरेत ती एकच संस्था. तिथल्या सर्वोच्च न्यायालयाने १९८४ मध्ये कॉपरवेल्डच्या खटल्यात हे स्पष्ट केलंय. आमचा फॉर्म फोन नंबर जुळतो का ते बघतो, म्हणजे चोरून होणारं संगनमत पकडतो. उघडपणे, कायदेशीररीत्या एकत्र असणाऱ्यांसाठी त्यात रकानाच नाही. बॅगा तपासायच्या आणि मागचं दार सताड उघडं, तसला पहारा.

मी मॅडमना ब्रिटनचंही उदाहरण दिलं. हंटर डग्लसने तिथल्या २४७ होम फर्निशिंग्ज या ऑनलाइन ब्लाइंड विकणाऱ्या कंपनीत २०१३ मध्ये ४९ टक्के हिस्सा घेतला, २०१९ मध्ये उरलेलाही घेतला. ब्लाइंड्स टू गो ही आणखी मोठी ऑनलाइन कंपनी तोवर त्यांच्याकडे आलेली होती. तिथल्या स्पर्धा नियामकाने चौकशी केली आणि २०२० मध्ये २४७ मधला हिस्सा विकायला सांगितलं. स्क्रीनवर दोन दुकानं उघडून दर ताडून बघणाऱ्या गिऱ्हाइकाला ती दोन दुकानं खरोखर वेगळी असण्याचा उपयोग असतो, एवढाच त्यातला मुद्दा. सरकारी संस्था ज्यावर वर्षभर घालवते, ते आम्ही परिशिष्टात कसं टाकायचं?

मॅडम हसल्या आणि म्हणाल्या, "ठीक आहे, पहिल्या ओळीत राहू दे. पण 'रेड फ्लॅग' नको, 'निरीक्षण' म्हण." ते मी मान्य केलं. रेड फ्लॅग तो नव्हताच.

क्लायंटच्या खरेदी विभागाचा मेल दुसऱ्या दिवशी आला. निरीक्षणाबद्दल आभार, मात्र लेव्होलॉरच्या जागी चौथं कोटेशन ब्लाइंड्स डॉट कॉमकडून घेतलं तर चालेल का, असा प्रश्न. मनापासून विचारलेला, आणि मला तो आवडला, कारण कुणीतरी वाचलं होतं. पण ब्लाइंड्स डॉट कॉम २०१४ पासून होम डेपोची आहे आणि तिच्यावर बालीही मिळतं, लेव्होलॉरही. दुकान तिसऱ्याचं, माल पुन्हा त्याच दोघांचा असू शकतो.

तेव्हा मी त्यांना उलट विचारलं आहे की तुमच्या नियमातलं 'स्वतंत्र' हे विकणाऱ्याला लागू करायचं की बनवणाऱ्याला. विकणाऱ्याला असेल तर तुमची पहिली तीन कोटेशनंही चालतात, चौथ्याची गरज नाही. बनवणाऱ्याला असेल तर कोटेशन मागतानाच डीलरला कारखानदाराचं नाव लिहायला लावा, नाहीतर मी शंभर डीलर तपासून दिले तरी उपयोग नाही. उत्तर त्यांच्या कायदा विभागाकडे गेलं आहे म्हणे. तिकीट अजून उघडं आहे, आणि डॅशबोर्डवर ते माझ्या नावापुढे लाल रंगात 'विलंब' म्हणून दिसतंय.