वार्दाची ट्रॉली

रविवार, रात्री

दिग्दर्शिका आन्येस वार्दाचं नाव निघालं की लोक तिला फ्रेंच नवसिनेमाची आजी म्हणतात आणि पुढे सरकतात. तिची कारागिरी मात्र बाजूला राहते. साधन अपुरं पडलं की त्याच अपुरेपणातून ती चित्रपटाचा आकार ठरवायची.

१९५४ साली दक्षिण फ्रान्समधल्या सेत बंदराच्या कोळीवाड्यात तिने पहिला चित्रपट केला, 'ला प्वांत कूर्त'. जागेवर आवाज घेणं परवडत नव्हतं, म्हणून चित्रण मूक आणि संवाद मागाहून डब केलेले. नट-तंत्रज्ञ मेहनताना न घेता भागीदार झाले. संकलन आलां रेनेचं.

'दागेरेओतीप' या माहितीपटाच्या (१९७५) वेळी मूल लहान होतं, लांब जाता येईना. मग पॅरिसमधल्या रू दागेर या आपल्याच गल्लीत, घरच्या मीटरवरून ८०-९० मीटर केबल ओढून ती पोचेल तेवढ्या दुकानांतच शूटिंग. पाववाला, खाटीक, शिंपी, अत्तरवाले म्हातारा-म्हातारी. विजेचा भार दुकानदारावर नाही, गिऱ्हाइकी चालूच.

पण खरा अभ्यास करावा तो 'सां त्वा नी ल्वा'चा (१९८५, व्हेनिस चित्रपट महोत्सवाचा सर्वोच्च पुरस्कार सुवर्णसिंह). हिवाळ्यात दक्षिण फ्रान्समध्ये भटकणारी मोना, भूमिकेत सांद्रीन बोनेर. अधूनमधून तिच्या चालण्याचे लांब ट्रॉली शॉट (रुळांवरच्या गाडीवरून सरकत्या कॅमेऱ्याने घेतलेले) येतात, सगळे उजवीकडून डावीकडे. फ्रेंच काय, मराठी काय, आपण वाचतो त्याच्या उलट. त्यामुळे प्रत्येक पाऊल वाऱ्याविरुद्ध पडल्यासारखं वाटतं. पार्श्वसंगीतही मुख्यतः याच शॉट्सना दिलंय.

रचना अशी: कॅमेरा एखाद्या वस्तूवरून निघतो, वाटेत मोना सापडते, थोडा वेळ सोबत, मग ती मागे राहते किंवा चौकटीबाहेर जाते. कॅमेरा मात्र पुढे सरकून शेतीचं अवजार, झाड, असल्या कशावर तरी थांबतो. पुढचा ट्रॉली शॉट कितीतरी मिनिटांनी येतो आणि तशाच वस्तूवरून सुरू होतो. प्रेक्षकाला सांधा सहसा दिसत नाही, तरी भटकंती अखंड वाटते.

नक्कल करणारे इथेच फसतात. ट्रॉलीचा वेग नटाच्या चालीला बांधतात, शॉटभर नट मधोमध. मग तो साधा पाठलाग होतो. वार्दाची ट्रॉली मोनासाठी थांबत नाही, आणि त्या गावांतलंही कुणी थांबत नाही. शेवटची वस्तूही आधीच ठरवावी लागते. रूळ संपले तिथे कॅमेरा थांबवला, तर पुढचा शॉट जोडायला काही उरतच नाही.