बाईंचा नेफ्रॉन

पुस्तकात नेफ्रॉनला, म्हणजे गुर्द्यातल्या रक्त गाळणाऱ्या सूक्ष्म घटकाला, एक आकृती आणि खाली चार-सहा ओळी एवढीच जागा होती. परीक्षेत आकृती हमखास यायची, नावं बरोबर दिली की गुण पदरात. आमच्या जीवशास्त्राच्या बाईंना तेवढं पुरायचं नाही. १९८२ च्या गिरणी संपानंतरची ती वर्षं. परळ-लालबागच्या कितीतरी घरांत पगार थांबलेले, पोरांनी दहावी होऊन कुठेतरी चिकटावं एवढीच आईबापांची आस. पोर्शन संपवायची घाई सगळ्यांनाच होती. तरी बाईंनी या एका धड्याला तासांमागून तास दिले. आज डायलिसिसच्या मशीनजवळ उभी राहून पेशंटशी बोलते तेव्हा माझ्या तोंडून बाहेर पडतं ते बरंचसं त्या तासांमधलंच असतं.

प्रॅक्टिकलला बाईंनी बकऱ्याचा गुर्दा आणवला आणि स्टीलच्या ताटलीत ठेवून उभा चिरला. बाहेरचा पट्टा गडद तांबूस, आतला फिकट, आणि त्या आतल्या भागातून मध्याकडे धावणाऱ्या बारीक रेघा. बाहेरच्या पट्ट्यावर भिंग धरलं की दिसेल न दिसेल असे लालसर ठिपके. "एकेक ठिपका म्हणजे रक्तकेशिकांचा एकेक गुच्छ, ग्लोमेरुलस. आणि या रेघा म्हणजे नळ्या," बाई म्हणाल्या. आम्ही ताटलीवर ओणवलो होतो. एक गुच्छ आणि त्याची नळी मिळून एक नेफ्रॉन, आणि माणसाच्या एका वृक्कात (गुर्द्यात) असे सुमारे १० लाख नेफ्रॉन असतात, हे तिथेच कळलं.

मग फळ्यावर गणित. दोन्ही वृक्कांत मिळून मिनिटाला साधारण १२५ मिलिलिटर द्रव गाळला जातो. दिवसाचा हिशेब आम्हालाच करायला लावला. उत्तर आलं १८० लिटर. लघवी होते दीड-दोन लिटर. "बाकीचं गेलं कुठे?" असं विचारून बाई गप्प उभ्या राहिल्या. वर्गात कुणालाच सांगता येईना.

उत्तर त्यांनी सावकाश उलगडलं. गुच्छात रक्त आणणारी धमनिका रुंद, बाहेर नेणारी अरुंद. त्यामुळे गुच्छात दाब टिकून राहतो आणि रक्तातला द्रव गुच्छाभोवतीच्या पेल्यात, बोमन्स संपुटात, ढकलला जातो. वाटेत तीन थर: केशिकेची सच्छिद्र भिंत, तिच्याबाहेरचा पातळ पडदा आणि त्याला पायांनी वेढून बसलेल्या पेशी. रक्तपेशी आणि मोठी प्रथिनं मागे राहतात. पण साखर, मीठ, अमिनो आम्लं, युरिया, पाणी हे सगळं लहान कणांचं, ते सरसकट पलीकडे जातं. चांगलंवाईट असा निवाडा इथे होतच नाही. "दिवाळीच्या आधी आपण माळा आवरतो ना? आधी सगळं खाली काढायचं, मग लागेल ते परत वर ठेवायचं, उरलेलं टाकून द्यायचं," बाई म्हणाल्या. चाळीतल्या पोरांना याहून जास्त सांगायची गरजच नव्हती.

परत वर ठेवायचं काम नळीचं. पहिल्या वळणदार भागातच दोन-तृतीयांश पाणी आणि मीठ रक्तात परततं, आणि निरोगी माणसाची साखर तर जवळपास सगळीच. पुढे नळीचं लांब वळण, हेन्लेचा फास, वृक्काच्या आतल्या भागात खोल उतरून तिथला खारटपणा राखतो. त्याच्याच जोरावर शेवटच्या संग्राहक नलिकेत पाणी शोषलं जातं. किती शोषायचं ते मेंदूतल्या पीयूष ग्रंथीतून येणारं एडीएच हे संप्रेरक ठरवतं. मे महिन्यात लोकलमधून घामाघूम होऊन उतरल्यावर लघवी थोडी आणि गडद का होते, ते इथे कळतं.

मी मशीन शिकले तेव्हा डायलायझर, म्हणजे मशीनची रक्त गाळणारी गाळणी, पहिल्यांदा हातात आला. पारदर्शक नळकांड्यात सुमारे १० हजार पोकळ तंतू; आतून रक्त, बाहेरून डायलिसेट, म्हणजे क्षार मिसळलेलं शुद्ध पाणी. हा ग्लोमेरुलसचा पर्याय झाला. निवडून परत घेणारी नळी यात कुठेच नाही. म्हणून डायलिसेटमध्ये पोटॅशियम किती, बायकार्बोनेट किती, हे डॉक्टरांना आधीच ठरवावं लागतं, आणि पाणी किती काढायचं ते आम्ही वजनकाट्यावरून ठरवतो.

लालबागचे एक काका मला नेहमी विचारायचे, "ताई, मशीन सगळं काढतंय ना, मग नारळपाणी का नको?" एकदा त्यांच्या फाइलमागच्या कोऱ्या कागदावर मी नेफ्रॉन काढला, बाई काढत तसाच, नळी लांबलचक. जास्तीचं पोटॅशियम बाहेर टाकणारा शेवटचा भाग पेनाने गडद केला. "हा भाग रात्रंदिवस काम करायचा, काका. मशीन आठवड्यातून दोन-तीनदा, चार-चार तास. मधल्या दिवसांत नारळपाण्यातलं पोटॅशियम साचतं आणि थेट हृदयावर येतं." ते बराच वेळ कागद बघत राहिले. मग बायकोला म्हणाले, "अगं, आता समजलं." रागावून सांगितलेली पथ्यं त्यांनी कधी पाळली नव्हती, ही पाळली.

एक गोष्ट मला फार लागते. नवे नेफ्रॉन जन्मानंतर तयार होत नाहीत. काही निकामी झाले की उरलेले त्यांचं काम अंगावर घेतात. त्यामुळे निम्मी क्षमता जाईपर्यंत रक्तातलं क्रिएटिनिन (वृक्कांनी बाहेर टाकायचा टाकाऊ पदार्थ) फारसं हलत नाही, आणि माणूस आमच्याकडे येतो तेव्हा उशीर झालेला असतो. मधुमेह किंवा रक्तदाब असलेल्यांनी लघवीतलं अल्ब्युमिन हे प्रथिन दरवर्षी तपासून घ्यावं. त्या तीन थरांची गळती तिथे बरीच आधी दिसते. माझ्या वर्गमित्रांपैकी अनेक जण आता मधुमेह-रक्तदाबाच्या वयाचे आहेत, म्हणून हे इथे मुद्दाम लिहिते.

मुदत संपलेला, न वापरलेला एक डायलायझर उभा कापून मी शाळेच्या प्रयोगशाळेला देत आहे. दहावीच्या मुलांनी तो हाताळावा, तंतू भिंगाखाली बघावेत. गुर्दा मात्र त्याच दिवशी ताजा आणवावा. शिळ्या गुर्द्यात ठिपके नीट दिसत नाहीत.