माजघराचं दार: तुळई आडवी आली

माजघराचं ३० इंची दार उजवीकडे वाढवून ४२ इंच करायचं आणि वर लोखंडी चॅनलचं लिंटेल (दारावरचा आडवा आधार) घालायचं, हा मागच्या नोंदीतला आराखडा आता रद्दीत. टेकू लावायला जागा हवी म्हणून माळ्याच्या दोन फळ्या काढल्या, तर तुळईचं टोक दिसलं. दाराच्या उजव्या बाहीपासून (उभ्या कडेपासून) जेमतेम ८ इंचांवर भिंतीत बसलेलं. आणि आपण उजवीकडेच १२ इंच वाढवणार होतो.

एरवी लिंटेलवर वरच्या त्रिकोणापुरताच भार येतो, बाकीची भिंत आपसूक कमान धरते. ४२ इंचांवर ६० अंशांचा त्रिकोण, भिंत १५ इंची, जांभा घनमीटरला साधारण २००० किलो धरला तर पावणेचारशे किलोच्या आसपास. १०० मिमीचे दोन चॅनल ते हसत पेलतात. पण दाराच्या बरोबर वर तुळई टेकली की हिशेबच वेगळा. निम्म्या माळ्याचं ओझं एका बिंदूवर, त्यात आमच्या माळ्यावर भाताची पोती.

बरं, डावीकडे जावं तर तिथे कोनाडा, बाहीपासून १४ इंचांवर. १२ इंच खाल्ले की मध्ये उरते २ इंचांची पापडी, आणि लिंटेलचं बूड (भिंतीवर टेकणारं टोक) नेमकं तिच्यावर. कोनाडा चिऱ्याने भरून घेऊ म्हटलं तर आई ऐकेना. दार तिच्याच व्हीलचेअरसाठी मोठं होतंय, पण संध्याकाळचा दिवा मग ठेवायचा कुठे? यावर माझ्याकडे उत्तर नाही.

या घोळात एक काम मात्र झकास झालं. डाव्या बाहीचा पहिला चिरा अख्खा बाहेर आला! मातीचा सांधा हॅकसॉच्या जुन्या पात्याने खरवडला, पहारीने हळूच उचकला. मग अंगणात चारी अंगांनी ग्राइंडरने खाच मारून रुंद छन्नीने तोडला आणि चुना-वाळूत परत बसवला. कड ओळंब्यात. 'हिल्टी (तोडफोडीचं हॅमर मशीन) लावा, तासाभरात काम' म्हणणाऱ्यांना कोपरापासून नमस्कार. मातीत बांधलेल्या भिंतीला ते हादरे बसले की वरच्या थरांतली माती गळू लागते, मग चिरे मोजत बसा. ग्राइंडरची चकती मात्र सेगमेंटवालीच (कडेला खाचा असलेली) घ्या. खाणीतून आलेला ओला चिरा सहज तासला जातो, हा कैक वर्षं वाळलेला. चकती पार झिजली आणि सगळं अंगण लाल.

आता हे लिहिता लिहिताच डोक्यात आलं: १२ इंच हवेत कशाला? आपल्याला मोकळी वाट हवी ९०० मिमी, म्हणजे साडेपस्तीस इंच. चौकटीच्या दोन बाह्यांचे ५ इंच आणि उघड्या फळीचा दीड इंच धरून ४२ झाले होते. पार्लमेंट बिजागरीने फळी बाजूला जाते, पण चौकटीचे ५ इंच जात नाहीत. पडवीच्या अंगाने सरकतं दार केलं तर चौकटही नको, उंबरठाही नको. ३६ इंच पुरे! सध्या ३० आहेत, म्हणजे डावीकडे फक्त ६ इंच. कोनाड्याअलीकडे ८ इंच भरीव भिंत उरते, तुळईखालची भिंत जागच्या जागी राहते, आईचा दिवाही.

तुळईला टेकू तरीही हवेतच, कारण लिंटेलचं उजवं बूड तिच्याजवळच येणार. ओळखीचे इंजिनिअर पाहून गेले. त्यांनी तुळईखाली दोन जॅक, जॅकखाली जाड फळी आणि दोन्ही बुडांखाली काँक्रीटचा बेडब्लॉक (भार पसरवणारा ठोकळा) सांगितलाय. चॅनल बसवायचा क्रम पूर्वी ठरलेलाच: आधी पडवीकडून अर्धी जाडी कोरून एक, वर कोरडसर मसाला ठासायचा, तो नीट धरला की माजघराकडून दुसरा. चॅनल ५ फुटी आणलेत, आता कापावे लागतील. जुनी चौकट फणसाची आहे, कीड नाही. गणेशपट्टी तेवढी माजघराकडून चॅनलवर मढवणार.

अडकलंय ते रुळाशी. लाकडी दाराचं सगळं वजन वरच्या रुळावर. चॅनलवरचा अर्धा रूळ सोपा, चॅनल बसवण्याआधीच त्याला नट वेल्ड करून घेतो. उजवीकडचा अर्धा चिऱ्यावर येतो आणि चिऱ्यात फास्टनर नुसता फिरत राहतो. केमिकल अँकर (रसायनाने भोकात चिकटवलेला बोल्ट) की भिंतीतून आरपार बोल्ट आणि मागे पोलादी पट्टी? माझा कल आरपारकडे आहे, पण १५ इंच लांब भोक सरळ पाडायला बिट कुठलं वापरता?