ऊसतोडीच्या फडात कॅमेरा

डॉक्युमेंटरी करायची तर आधी परवानगी घ्यायची, एवढं मला ठाऊक होतं. ती नक्की कुणाची घ्यायची, हे कळायला एक हंगाम गेला.

नोव्हेंबर 2024. कोल्हापूर जिल्ह्यातल्या शिरोळ तालुक्यात तोडी नुकत्याच सुरू झालेल्या. फडाच्या मालकाने हो म्हटलं. मजुरांची टोळी आणणारा मुकादमही म्हणाला, ‘करा की शूटिंग.’ बीडहून आलेल्या टोळीने माझ्या संमतीपत्रांवर सह्या केल्या, काहींनी अंगठे दिले. पण कॅमेरा सुरू झाला की सगळे एकच सांगायचे: ‘आमचं बरं चाललंय.’ मुकादम बांधावर उभाच असायचा.

नवरा-बायको मिळून एक कोयता. कोयत्याने गावाकडेच मुकादमाकडून उचल (आगाऊ रक्कम) घेतलेली असते. ती तोडीतून फेडायची, फिटली नाही तर बाकी पुढच्या सालावर. ज्याच्याकडून उचल घेतली त्याच्यासमोर कोण तोंड उघडणार? 1925 साली बाबूराव पेंटरांनी याच कोल्हापुरात ‘सावकारी पाश’ हा मूकपट काढला. त्यातला शेतकरी जमीन गमावून शहरात मजुरीला जातो. शंभर वर्षं होत आली, आणि मी तेच बघत होतो. फार लागलं ते मनाला.

मग आठ दिवस कॅमेरा पिशवीतून काढलाच नाही. पहाटे चारला मजुरांच्या कोप्यांवर, म्हणजे झोपड्यांवर जायचो, मोळ्या बांधू लागायचो. उसाची पात बोटांना कशी चिरते ते तेव्हा समजलं. विधानसभेचं 20 तारखेचं मतदान होऊन गेलं होतं. विकायला काढलेल्या वाढ्याचे (उसाच्या हिरव्या शेंड्यांचे) भारे बांधता बांधता एक मावशी आपणहून बोलल्या, ‘मताला न्यायला गाडी आली दादा. लेकीला ताप आला तव्हा कुणाची आली नाही.’

तेव्हा रेकॉर्डर बंद होता. दोन दिवसांनी मी त्यांना विचारलं, हे पुन्हा सांगाल का? त्या म्हणाल्या, ‘आवाज घ्या. तोंड नका दाखवू. पुढल्या साली उचल मिळायची नाही.’ रात्री कोपीत, चुलीजवळ, फक्त आवाज घेतला.

फेब्रुवारीत कच्चं एडिटिंग लॅपटॉपवर टोळीला दाखवलं. चेहरे मी सगळे झाकले होते. मावशींनी एके ठिकाणी थांबवायला लावलं आणि बोट ठेवलं: मागे ट्रॅक्टरचा नंबर दिसत होता. त्यावरून मुकादम कळतो, मुकादमावरून टोळी. महिनाभर तेच फुटेज बघत होतो, तरी माझ्या नजरेत आलं नव्हतं.

ते तीन शॉट काढून टाकले. तोडीचे तेच सर्वांत चांगले होते.