खगोलजीवशास्त्राचे वाचन दगडांपासून सुरू करावे

माझा भाचा यंदा अकरावीत आहे. परग्रहांवरील जीवसृष्टीविषयी नीट काही वाचायचे आहे, कोठून सुरुवात करू, असे त्याने विचारले, तेव्हा मी त्याच्या हाती जीवसृष्टीवरचे पुस्तक दिले नाही. डेव्हिड रॉदरी यांचे ग्रहांविषयीचे, २०१० साली ऑक्सफर्डच्या लघुपरिचयमालेत आलेले छोटे पुस्तक दिले. ते पाहून तो थोडा हिरमुसला. ही निवड मी का केली, ते येथे सविस्तर लिहीत आहे.

मी स्वतः उलट्या क्रमाने वाचले होते. वाणिज्य शाखेची पदवी घेऊन बरीच वर्षे लोटल्यावर मी उत्साहाने खगोलजीवशास्त्राचे, म्हणजे विश्वातील जीवसृष्टीचा शोध घेणाऱ्या शास्त्राचे, एक जाड पाठ्यपुस्तक आणले. त्याच्या सुरुवातीच्या प्रकरणांत अमिनो आम्ले होती, आरएनए होते, आणि वायूंच्या मिश्रणात विजेच्या ठिणग्या सोडून अमिनो आम्ले मिळवणारा स्टॅन्ली मिलर यांचा १९५३ सालचा प्रयोगही होता. एकेक वाक्य समजत होते, परंतु हे सारे ज्या जागी घडले असेल त्या जागेचे चित्र मनात उभे राहत नव्हते. समुद्र कशाचा, खडक कोणता, हवा कसली, याची कल्पना नसताना रसायनांची नावे नुसती पाठ होतात. तिसऱ्या प्रयत्नानंतर मी ते पुस्तक बाजूला ठेवले आणि ग्रहविज्ञानाकडे वळले.

तेथे मला एक हिशेब भेटला, आणि प्रत्येक नव्या वाचकाने तो एकदा स्वतःच्या वहीत करावा असे मला मनापासून वाटते. सूर्याकडून पृथ्वीला किती उष्णता मिळते आणि त्यातली किती परत फेकली जाते, एवढ्या दोनच गोष्टी धरल्या, तर पृथ्वीचे सरासरी तापमान उणे १८ अंश सेल्सिअस येते. प्रत्यक्षात ते सुमारे १५ अंश आहे. मधला फरक हरितगृह परिणामाचा, म्हणजे हवेतील काही वायू उष्णता अडवून ठेवतात त्याचा. हाच हिशेब शुक्रासाठी केला की वाचक थबकतो. शुक्र सूर्याला अधिक जवळ असूनही त्याचे ढग सुमारे तीन-चतुर्थांश प्रकाश परावर्तित करतात, त्यामुळे उत्तर उणे ४० अंशांच्याही खाली जाते. प्रत्यक्षात शुक्राच्या पृष्ठभागावर ४६० अंशांच्या आसपास तापमान आहे, कारण तेथील कार्बन डायऑक्साइडच्या वातावरणाचा दाब आपल्यापेक्षा सुमारे ९० पट आहे. एखाद्या ताऱ्याभोवतीच्या 'जीवयोग्य पट्ट्यात', म्हणजे पाणी द्रवरूप राहू शकेल अशा अंतरावर, ग्रह सापडल्याची बातमी वाचली की मला हे आकडे आठवतात. अंतरावरून ग्रहाची राहण्याजोगी स्थिती ठरत नाही. त्यासाठी त्याची हवा, त्याचे ढग आणि त्याचे अंतरंग ठाऊक असावे लागते.

नाशिककरांना या अभ्यासासाठी एक मोठी सोय आहे, ती म्हणजे पायाखालचा काळा पाषाण. पांडवलेणी ज्या डोंगरात खोदली आहेत तो बेसाल्टचा आहे, सुमारे ६ कोटी ६० लाख वर्षांपूर्वीच्या लाव्हाच्या थरांचा. चंद्रावरचे काळे डाग बेसाल्टचेच आहेत आणि मंगळाचा बराचसा पृष्ठभागही. सिन्नरच्या गारगोटी संग्रहालयात याच खडकाच्या पोकळ्यांत वाढलेले झिओलाइटचे स्फटिक पाहायला मिळतात. लाव्हा थंड होताना वायूंचे बुडबुडे अडकून पोकळ्या राहिल्या, पुढे त्यांतून उष्ण पाणी झिरपले आणि त्यातील क्षारांपासून हे स्फटिक घडले. त्यांच्या रचनेत आजही पाणी आहे. खडकात जुन्या पाण्याची खूण कशी उरते, हे तेथे डोळ्यांनी दिसते. मंगळावरील गेल विवरात क्युरिऑसिटी यानाला मृद्खनिजे (पाण्याच्या संपर्कात घडणारी चिकणमातीतील खनिजे) सापडली, तेव्हा तेथे एके काळी सरोवर होते हे शास्त्रज्ञांनी अशाच प्रकारच्या खुणांवरून ताडले.

एवढी तयारी झाली की डेव्हिड कॅटलिंग यांचे २०१३ सालचे खगोलजीवशास्त्राचे पुस्तक घ्यावे. तेही त्याच मालेतले आहे आणि लहान आहे, पण दाट आहे. रोज दहा पानांपेक्षा अधिक वाचू नये. वातावरणातील ऑक्सिजन हा लेखकाचा स्वतःच्या संशोधनाचा विषय असल्याने सुमारे २४० कोटी वर्षांपूर्वी हवेत ऑक्सिजन कसा वाढला, तो भाग मला सर्वांत मोलाचा वाटला. जाड पाठ्यपुस्तके त्यानंतर. मात्र या विषयात पुस्तकाचे साल नेहमी पाहावे. ही दोन्ही पुस्तके जेम्स वेब दुर्बिणीच्या आधीची आहेत, आणि गुरूच्या युरोपा या चंद्राच्या अभ्यासासाठी २०२४ च्या ऑक्टोबरमध्ये निघालेले युरोपा क्लिपर यानही त्यांत येऊ शकत नाही. २०२० साली शुक्राच्या ढगांत फॉस्फिन (पृथ्वीवर काही सूक्ष्मजीवांशी जोडला जाणारा वायू) आढळल्याचा दावा झाला आणि त्यावर मोठा वाद उठला. अशा गोष्टींसाठी नवे लेख वाचावे लागतात. पाया मात्र जुन्या पुस्तकांचाच पक्का आहे.

भाच्याने गेल्या आठवड्यात मंगळाचा हिशेब केला. उत्तर उणे ६० अंशांच्या आसपास आले आणि ते प्रत्यक्ष सरासरीच्या जवळपासच आहे, कारण तेथील हवेचा दाब आपल्या एक टक्क्याहूनही कमी असल्याने ती उष्णता फारशी धरून ठेवत नाही. वही घेऊन तो माझ्याकडे आला आणि म्हणाला, "मावशी, मग तळे होते तेव्हाची हवा गेली कुठे?" मी कपाटातून कॅटलिंग यांचे पुस्तक काढून त्याला दिले.