परातीआधीच्या बारा फ्रेम्स

सकाळच्या रिव्ह्यूला शॉट क्रमांक ७ चार वेळा चालवला आणि खोलीतल्या सहा जणांपैकी एकालाही हसू आलं नाही. मांजर स्वयंपाकघरातून उंदरामागे धावतं, उंदीर दारात पितळी परात उभी करतो, मांजर तिच्यावर आदळतं, परातीत त्याच्या तोंडाचा ठसा उमटतो. चित्रं चांगली होती, परातीवरची चकाकी तर फारच चांगली. तरी सगळे दंतवैद्याकडे नंबर लावल्यासारखे गप्प बसून होते.

"ढिला आहे. अजून फास्ट करा," दिग्दर्शक म्हणाले. त्या आठवड्यात हे तिसऱ्यांदा. आधी दोनदा फास्ट करून झालं होतं आणि दोन्ही वेळा शॉट आणखीच ढिला वाटायला लागला होता. म्हणून एक्स-शीट माझ्याकडे आलं. फ्रेम्स, म्हणजे पडद्यावर एकामागून एक येणारी चित्रं, मोजणं हेच माझं काम.

एक्स-शीट म्हणजे उभा तक्ता. एक ओळ म्हणजे एक फ्रेम. रकान्यांत मांजर, उंदीर, परात, बॅकग्राउंड असे थर आणि कडेला आवाजाचा रकाना. शॉट २७६ फ्रेम्सचा होता. टीव्हीसाठीचं काम, सेकंदाला २५ फ्रेम्स. म्हणजे अकरा सेकंद आणि वर एक फ्रेम. पहिल्या ९६ उंदराच्या : आत येतो, ओट्याखालून परात ओढतो, दारात टेकवून उभी करतो. ९७ ते १९२ मांजर धावतं. १९३व्या फ्रेमला आदळतं. उरलेल्या ८४ फ्रेम्स पुढच्या फजितीच्या. सगळे टप्पे बाराच्या पटीत, कारण अॅनिमेटर मुलीने बारा फ्रेम्सचा एक ठोका धरून काम केलं होतं. धावण्याची सायकल, म्हणजे पुन्हापुन्हा फिरवायचा चित्रांचा संच, तीही बाराची, सहा फ्रेम्सला एक झेप.

यात तिचं काही चुकलं नव्हतं. ही पद्धत थेट 'टॉम अँड जेरी'च्या घरातली. १९४० साली एमजीएमच्या स्टुडिओत विल्यम हॅना आणि जोसेफ बार्बेरा यांनी 'पुस गेट्स द बूट' हा त्यातला पहिला लघुपट केला. त्यातल्या मांजराचं नाव जॅस्पर होतं, टॉम-जेरी ही नावं नंतर आली. स्टुडिओतल्या स्पर्धेत जॉन कार या अॅनिमेटरने ती सुचवली आणि पन्नास डॉलर मिळवले. जोडीतली कामाची वाटणी सरळ होती. गोष्ट, विनोद आणि पोझेस बार्बेरांच्या, टायमिंग हॅनांचं. हॅनांना संगीताचं अंग होतं. मेट्रोनोम लावून ते प्रसंगाचे ठोके मोजायचे, ते कागदावर मांडायचे, आणि स्कॉट ब्रॅडली त्याच मोजणीवर वाद्यवृंदाचं संगीत रचायचे. सेकंदाला २४ फ्रेम्सच्या सिनेमात बाराचा ठोका म्हणजे मिनिटाला १२० ठोके, आठाचा म्हणजे १८०. टॉमचं चोरपाऊल आणि व्हायोलिनची तार एकाच क्षणी हलते ती या हिशेबामुळे. १९५८ पर्यंत या जोडीचे ११४ लघुपट आले आणि सातांना ऑस्कर मिळालं. (बाहुली घ्यायला मंचावर जायचे निर्माते फ्रेड क्विम्बी. ठोके मोजणारे खालीच.)

आता आमच्या एक्स-शीटमधला आवाजाचा रकाना. त्याच्या डोक्यावर लिहिलं होतं : १२० बीपीएम, म्हणजे मिनिटाला १२० ठोके.

इथे मी पेन खाली ठेवलं. संगीतकारानेही तीच जुनी परंपरा पाळली होती, बाराचा ठोका म्हणजे १२०. पण तो हिशेब २४ फ्रेम्सचा. आमचा सेकंद २५चा. तिथे १२० बीपीएमचा एक ठोका साडेबारा फ्रेम्सचा होतो. अर्धी फ्रेम कुणी काढत नाही, त्यामुळे शीटवर बाराच धरल्या गेल्या. पहिल्या ठोक्याला अर्ध्या फ्रेमची चूक, चौथ्याला दोन, आठव्याला चार, आणि सोळा ठोके संपून मांजर परातीवर पोचेपर्यंत पूर्ण आठ. चित्रातला आघात १९३ला, संगीतातली झांज २०१ला. सेकंदाचा जवळजवळ तिसरा हिस्सा. त्यात इफेक्ट्सवाल्याने परातीचा 'ठण्ण' इमानदारीने चित्राला जुळवून १९३वर बसवला होता. म्हणजे आधी परात वाजते, मग मागाहून वाद्यवृंद आदळतो. रस्त्यात दोन वरातींचे बँड समोरासमोर यावेत तसं.

फास्ट केल्यावर शॉट ढिला का होत होता तेही इथेच कळतं. दोन आवाजांमधली फट भरेपर्यंत कान वाट बघतो, आणि वाट बघणं म्हणजेच ढिलेपणा. मधल्या हालचाली कितीही झटपट केल्या तरी फट आठ फ्रेम्सचीच राहते. उलट आजूबाजूला वेग वाढला की ती जास्त टोचते.

इलाज दोन होते. एक, ठोके आळीपाळीने बारा आणि तेरा फ्रेम्सचे करायचे. पण मग बाराच्या सायकलवर बेतलेली प्रत्येक झेप मोडते आणि आधीचे सहा शॉट्सही पुन्हा उघडावे लागतात. दुसरा, संगीत १२५ बीपीएमला आणायचं. २५ फ्रेम्सच्या सेकंदात १२५चा ठोका बरोब्बर बाराचा. संगीतकाराला फोन केला. कीबोर्डवर प्रोग्रॅम केलेली वाद्यं मिनिटभरात नव्या लयीत गेली. क्लॅरिनेट खरं वाजवलेलं होतं, पण सॉफ्टवेअरने चार टक्के आवळल्यावर ते खपून गेलं. ढोलकी मात्र खपली नाही. थापेची सुरुवात फार टोकदार असते. ती आवळली की 'थाप'ची 'भप' होते. ढोलकी पुन्हा वाजवून घ्यावी लागली आणि त्यात जेवणाची वेळ गेली.

अडीच वाजता नवा ट्रॅक लावून शॉट चालवला. ठण्ण आणि झांज एकत्र. सगळ्यांनी मान डोलवली, दोघं जण बेताने हसले. ते हसू कामाचं कौतुक म्हणून होतं, मांजराला उद्देशून नव्हतं.

मग मी तीन आठवड्यांपूर्वीचं अॅनिमॅटिक, म्हणजे शॉटची कच्ची आवृत्ती, काढायला सांगितलं. कच्च्या रेघा, रंग नाहीत, मांजर म्हणजे बटाट्याला कान लावलेले. आणि त्यावर सगळे हसले. दोन्ही फाइल्स शेजारी लावून फ्रेम-फ्रेम पुढे नेल्या. १८० पर्यंत सारख्या. तिथून फरक. कच्च्या आवृत्तीत १८१ ते १९२ मांजर धावतच नव्हतं. पाय रोवून, परातीकडे बघत, घसरत होतं. पहिल्यांदा 'ढिला आहे' असा शेरा आला तेव्हा अॅनिमेटरला शॉटमध्ये स्थिर असं तेवढंच दिसलं. तिने ते काढलं आणि जागा भरायला धावण्याची एक सायकल वाढवली. लांबी तीच, हालचाल जास्त.

"दादा, तिथे काहीच होत नव्हतं म्हणून काढलं," ती म्हणाली.

होत होतं. मांजराला कळत होतं.

आपल्याकडे म्हण आहे, मांजराचा खेळ होतो आणि उंदराचा जीव जातो. या कार्टूनांनी ती उलटी केली, आणि ती उलटी करायची तर मार बसणाऱ्याला मार येताना दिसला पाहिजे. नकळत आदळलेलं मांजर हा अपघात झाला. बारा फ्रेम्स आधी कळलेलं आणि तरी थांबू न शकलेलं मांजर हा विनोद. जुने टॉमपट फ्रेम-फ्रेम बघितले तर आघातापेक्षा त्याआधीचा चेहरा जास्त मन लावून काढलेला दिसतो. जेरीला सहसा अशा फ्रेम्स मिळत नाहीत. त्याला बिचाऱ्याला काही कळायची गरजच नसते, त्याला आधीच माहीत असतं. १९४४च्या 'माउस ट्रबल'मध्ये टॉम उंदीर कसा पकडावा याचं पुस्तक मागवतो आणि प्रकरणामागून प्रकरण तोंडावर आपटतो. तिथेही हसू येतं ते पुस्तक आणि वस्तुस्थिती यांतला फरक त्याच्या चेहऱ्यावर उतरतो तेव्हा.

बारा फ्रेम्सच का, हे तिला करूनच दाखवलं. सहा ठेवल्या : डोळ्यांत काही भरेपर्यंत आघात होऊन गेला. चोवीस ठेवल्या : आता मांजर मूर्ख वाटायला लागलं, कारण जवळजवळ एक सेकंद मिळाला असता तर ते सहज वळलं असतं, हे बघणाऱ्याला कळतं. शिवाय चोवीसने आघात एक ठोका पुढे जाऊन झांजेवरून घसरतो. बाराच बरोबर. वाढवलेली सायकल काढली, आठ सायकलींच्या सात केल्या, आणि त्या बारा फ्रेम्स परत दिल्या. पहिल्या चार पाय रोवण्याच्या, प्रत्येक फ्रेमला नवं चित्र. उरलेल्या आठ होल्डच्या, म्हणजे एकच पोझ धरून ठेवण्याच्या. पण अगदी गोठवलेला होल्ड नको, नाहीतर संगणक अडकल्यासारखं दिसतं. कान हळूहळू मागे जातात, बुबुळं बारीक होतात, बाकी शरीर त्याच पोझमध्ये घसरतं. १९२व्या फ्रेमला नाक आणि परात यांत वीतभर अंतर, १९३ला थेट चपटं मांजर. टेकण्याचं चित्र काढायचंच नाही. ते काढलं तर आघात मऊ होतो, मांजर परातीला हळूच भेटल्यासारखं वाटतं.

नंतरच्या ८४ फ्रेम्सही आवरल्या. परातीची थरथर २४ फ्रेम्स, एकाआड एक दोन बाजूंना, पल्ला दर चार फ्रेम्सना कमी. मग चपट्या मांजराचा २४चा होल्ड. हसायची जागा ती, तिथे काही हलवायचं नाही. आधी तिथे उंदीर पोट धरून हसत होता. तो बंद केला. पात्र हसलं की प्रेक्षकाचं हसणं संपतं. शेवटच्या ३६मध्ये मांजर परातीवरून ओघळतं.

चिडचिड झाली ती रेफरन्स बोर्डवर. वर टॉमची तीस-चाळीस चित्रं चिकटवली होती आणि त्यांत तीन वेगळी माणसं मिसळलेली. हॅना-बार्बेरांचा टॉम, १९६१-६२मध्ये प्रागहून जीन डाइच यांनी केलेल्या तेरा लघुपटांतला तुटक, घुमणाऱ्या आवाजांतला टॉम, आणि १९६३ ते ६७ दरम्यान चक जोन्स यांच्या चौतीस लघुपटांतला जाड भुवयांचा टॉम. जोन्स यांचा टॉम पोझ घेऊन थांबतो, भुवई उडवतो, कॅमेऱ्याकडे बघतो. सुंदर असतो. पण त्या पोझेस घेऊन त्यांच्यात हॅनांची लय भरली की एकही पोझ वाचता येत नाही. बोर्डावर एकच टॉम ठेवला, बाकीचे ड्रॉवरमध्ये.

किंकाळीचंही तसंच. आमच्या डबिंगवाल्याने चांगली दमदार ओरड दिली होती, पण ती 'आ'पासून चढत जायची आणि चढायला पाच फ्रेम्स घ्यायची. टॉमची प्रसिद्ध किंकाळी स्वतः हॅनांच्या गळ्यातली आहे. तिच्या ध्वनिमुद्रणाची सुरुवात आणि शेवट कापून फक्त सगळ्यात जोरकस भाग ठेवला जायचा. श्वास घेणं नाही, विझणं नाही. म्हणून ती माणसाची वाटत नाही. आम्हीही दोन्ही टोकं छाटली. पहिल्या पाच फ्रेम्स गेल्या आणि ओरड एकदम मांजराची झाली.

जाता जाता पुढचे शॉट्स चाळले, तर नवव्यात मोलकरणीचे नुसते पाय आणि झाडू. हे कुठून आलं ते उघड होतं. जुन्या टॉमपटांत घर सांभाळणारी कृष्णवर्णीय बाई अशीच, सहसा चेहरा न दाखवता, दिसायची. आवाज लिलियन रँडॉल्फ यांचा, ठसक्याचा आणि उत्तम. पण पात्र त्या काळच्या अमेरिकेतल्या वर्णभेदी साच्यातलं. त्यावर आक्षेप आले, पुढे टीव्हीसाठी तो आवाज बदलून घेतला गेला, काही ठिकाणी पात्रच पुसून दुसरं काढलं गेलं. स्फोटानंतर काळं पडलेलं तोंड दाखवून केलेले विनोदही नंतर कापले गेले. पाय दाखवण्यातलं तंत्र मात्र चांगलं आहे. कॅमेरा मांजराच्या उंचीवर राहतो आणि माणसाचा चेहरा चितारायचा वाचतो. मग पाय ठेवले, मोलकरीण काढली. आता तिथे घरातल्या सगळ्यांचे पाय आहेत : आजीच्या कापडी चपला, बाबांचे ऑफिसचे बूट, एक पायमोजा हरवलेलं पोर.

साडेसहाला शॉट पुन्हा लावला. तेच सहा जण, शिवाय दिवे बंद करायला आलेला शिपाई दारात उभा. १८१व्या फ्रेमला मांजराने पाय रोवले आणि कुणीतरी आधीच 'अरे अरे' म्हणालं. मग ठण्ण.

दिग्दर्शकांनी डोळे पुसले. "बघा, आता कसा फास्ट झाला. मी तेच सांगत होतो."

शॉट २७६ फ्रेम्सचा होता, सकाळी होता तेवढाच. अॅनिमेटरने माझ्याकडे बघितलं, मी शीटकडे. आठव्या शॉटवर त्यांचा शेरा आधीच लिहिलेला होता : ढिला आहे.