मारबतीच्या दिवशीची ड्यूटी

पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी नागपूरचं अख्खं इतवारी आणि महाल रस्त्यावर असतं, आणि आम्ही लाइनमन खांबांवर. मारबतीची मिरवणूक ही आमच्या वर्षातली सर्वांत जोखमीची ड्यूटी. जुन्या वस्तीतल्या गल्ल्या अरुंद. एकेका खांबावरून घरोघरी गेलेल्या सर्व्हिस वायरी, त्यांत केबलवाल्यांच्या आणि इंटरनेटच्या तारांचा गुंता, आणि त्याखालून बांबू-कागदाचे उंच पुतळे जायचे. मिरवणूक ज्या भागात शिरेल तिथला पुरवठा बंद करायचा, ती पुढे सरकली की सोडायचा.

नागपूरबाहेरच्यांसाठी थोडं सांगतो. मारबत म्हणजे रोगराई आणि वाईटाचा बाईच्या रूपातला पुतळा. काळी मारबत 1881 पासून निघते, पिवळी 1885 पासून. पिवळी जागनाथ बुधवारीतला तऱ्हाणे तेली समाज काढतो. काळीचा संबंध लोक नागपूरच्या राणी बाकाबाई भोसल्यांशी जोडतात, इंग्रजांना साथ दिल्याचा राग त्यामागे होता असं सांगतात. नेहरू पुतळ्याजवळ दोघींची गाठ पडते आणि 'ईडा पीडा, रोगराई घेऊन जा गे मारबत' या गजरात शेजारच्याचं बोलणंही ऐकू येत नाही. सोबत गल्लोगल्लीचे बडगे असतात, त्या त्या वर्षी लोकांना जे छळतं त्याचे पुतळे. शेवटी सगळं जाळायचं. मला यातलं हेच फार मोलाचं वाटतं. कपाटात ठेवायला काहीच उरत नाही, त्यामुळे पुढच्या वर्षी कुणाला तरी बांबू चिरता यावा लागतो, खळ शिजवता यावी लागते, सांगाडा कुठे बांधायचा ते ठाऊक असावं लागतं. न शिकवून चालतच नाही.

त्या वर्षी माझी नेमणूक एका आडगल्लीच्या तोंडावर होती. तिथल्या मंडळाचा बडग्या हातगाडीवर उभा करून मुख्य मिरवणुकीत आणायचा होता. गल्लीत नुकताच सिमेंटचा रस्ता झालेला. पोरं बांबूने माप घेत होती आणि बांबू दरवर्षीपेक्षा आधीच तारेला लागेल असं दिसत होतं. माझ्याशेजारी एक म्हातारे काकाजी उभे होते. ते म्हणाले, "बडग्या तेवढाच हाय जी वायरमनभाऊ. रस्ता वर आला." खरंच होतं ते. उंबरे रस्त्याच्या खाली गेले होते आणि डोक्यावरच्या तारा तेवढ्याच जवळ आल्या होत्या.

लाइन बंद केल्याचा निरोप आला. पोरांनी गाडीला हात घातला. मी त्यांना थांबवलं, शिडीवर चढून टेस्टर लावला आणि तो पेटला. फोनवर पुन्हा विचारलं, तिकडून उत्तर आलं, बंद आहे. म्हणजे कुणाचा तरी जनरेटर उलटा लाइनमध्ये वीज सोडत होता. जनरेटर चालू असताना घर बाहेरच्या लाइनपासून तोडणारा चेंजओव्हर स्विच न बसवता तो घराच्या वायरिंगला जोडला की असं होतं. आमच्या किती तरी सहकाऱ्यांचा जीव अशा 'बंद' लाइनीवर गेलाय. मागे ढोल-ताशे, पुढे गर्दी, आणि गल्लीत दुकानं दोन्ही बाजूंना. शोधायचं कुठे?

काकाजींना खालूनच विचारलं. त्यांनी क्षणभरही विचार केला नाही. "मागच्या बोळात जरीवाल्याच्या माडीवर नवा भाडेकरू आला, त्यानं आणला. बाकी साऱ्याइचे जुने हायेत, त्याइले ठाव हाय आजच्या दिवशी चालवाचा नाई." एक पोरगा धावला. थोड्या वेळाने बोळातून फटफट थांबल्याचं कळलं. मी टेस्टर पुन्हा लावला, अर्थिंग केलं म्हणजे तार जमिनीला जोडली, मग लाकडी काठीने तार उचलून धरली आणि बडग्या खालून निघाला. गल्लीतल्या बायका गच्चीवरून ओरडत होत्या, गाडी पुढे गेली तशी गल्ली रिकामी झाली.

संध्याकाळी पुरवठा सोडून आवरताना काकाजींनी घरी बोलावलं. चहा झाला आणि त्यांनी एक वही दाखवली. वडिलांपासून चालत आलेली, पानं सुटलेली, सुतळीने बांधलेली. दरवर्षीचं एक पान. बांबू कुणी दिला, रद्दी कुठून आली, गाडी कुणाची, आणि बडग्या कशाचा. 1972 चा दुष्काळ. 2006 ला चिकनगुनिया, त्याखाली 'घरोघरी सांधे धरले, ओढाले माणसं कमी पडले'. 2017 ला नोटबंदी. 2020 च्या पानावर एवढंच, 'कोरोना. गल्लीतच केला, गल्लीतच जाळला.' देशाचं पाऊण शतक एका गल्लीने असं लिहून ठेवलंय, आणि त्यात दुखणं कुठलं हे ठरवण्याचा मान दरवेळी गल्लीचाच. एवढा इमानी इतिहास मी दुसरीकडे वाचलेला नाही.

वस्ती मात्र बदलतेय. ज्या घरांत पूर्वी माग चालायचे तिथे आता गोदामं आहेत. पोरं बुटीबोरीला, मिहानला कामाला जातात, काही पुण्यात आहेत. तरी या दिवशी येतात. ज्यांना सुट्टी मिळत नाही ते रात्रीच येऊन कागद चिकटवून जातात. काकाजींचा नातू यंत्रावर काम करतो, वेल्डिंग जाणतो. त्याने गाडीला लोखंडी पाया केला, त्यामुळे बडग्या आता चौघे ढकलतात, पूर्वी बारा लागायचे. काकाजींना त्याबद्दल जराही वाईट वाटत नाही. "पोट्टे कमी झाले त गाडी सुधरवा लागते," म्हणाले.

त्या नातवानेच मला विचारलं, आमच्याकडून काय हवं? मी म्हटलं, जनरेटर आणि इन्व्हर्टरवाल्यांची यादी द्या, आणि प्रत्येक कोपऱ्यावर तार किती उंच ते मोजून द्या. त्याने वहीत वेगळं पान केलं. आता पोळ्याआधीच्या आमच्या बैठकीत ती यादी टेबलावर येते, आणि शेजारच्या दोन गल्ल्यांनीही तशीच करून दिली आहे. आडगल्लीच्या तोंडावरच्या उघड्या तारा काढून तिथे इन्सुलेटेड केबल टाकली, ती धरणारा खांबावरचा ब्रॅकेटही वर घेतला. माप नातवानेच बांबूने घेतलं, पुढे रस्ता पुन्हा वाढेल म्हणून हातभर जास्तीचं.